ऋतू पालटला की मूल आजारी पडते, म्हणजे त्याची प्रतिकारशक्ती कमी असते का?

नाशिकहून एका वाचक भगिनीचे पत्र आले आहे. त्यांचा साडेचार वर्षांचा मुलगा गेल्या जूनमध्ये बालवर्गात जाऊ लागला आणि तेव्हापासून फेब्रुवारीअखेरपर्यंत नऊ वेळा आजारी पडला. पहिला पाऊस, गणपती, ऑक्टोबरचे ऊन, दिवाळीनंतरची थंडी, संक्रांत, असा हवेत पालट झाला की त्याला काही ना काही होतेच, असा त्यांचा अनुभव आहे. एरवी तो नीट जेवतो, खेळतो आणि त्याचे वजन सोळा किलो आहे. या काळात त्याला पाच वेळा प्रतिजैविके दिली गेली. सासूबाई रोज सकाळी मिरी, सुंठ, दालचिनी आणि गुळवेलीचा काढा देतात. दही, केळे आणि पेरू त्यांनी बंद केले आहेत. यजमानांनी प्रतिकारशक्ती वाढवणारे एक सिरप आणि चघळायच्या गोळ्या आणल्या आहेत. नणंदेच्या मते वर्षभर शाळाच बंद करावी. वडील कामावरून उशिरा येतात म्हणून मुलगा रात्री अकराला झोपतो आणि शाळेच्या व्हॅनसाठी साडेसहाला उठतो. त्याच्या पाठोपाठ मधुमेह असलेले सासरेही आजारी पडतात, आणि पत्रलेखिकेच्या रजा संपत आल्या आहेत. “माझ्या मुलाची प्रतिकारशक्तीच कमी आहे का? ती वाढवायला नेमके काय द्यावे?” असे त्यांनी विचारले आहे आणि आजारपणांची नोंद ठेवलेल्या वहीच्या पानाचे छायाचित्र सोबत जोडले आहे.

प्रिय ताई,

तुमच्या पत्रापेक्षा वहीच्या त्या पानाकडे मी अधिक वेळ पाहत बसले. नऊ नोंदी, प्रत्येकीपुढे तारीख, ताप किती आणि किती दिवस, आणि समासात औषधांची नावे. लहान मुलांना तपासण्यात माझी तीस वर्षे गेली. इतकी नीट नोंद घेऊन येणारी आई क्वचित भेटते. म्हणून तुमच्या प्रश्नाचे उत्तर मी त्या पानापासूनच सुरू करते.

नऊपैकी पाच नोंदींत ताप आहे: जून, जुलै, गणपती विसर्जनानंतरचा आठवडा, डिसेंबर आणि जानेवारी. पाचही वेळा ताप तीन दिवसांच्या आत उतरला आहे. उरलेल्या चार नोंदींत ताप अजिबात नाही. ऑगस्टमध्ये ‘रात्री खोकला, १७ दिवस’, ऑक्टोबरमध्ये ‘सकाळी शिंका’, दिवाळीनंतर पुन्हा ‘रात्री खोकला’ आणि फेब्रुवारीत ‘शिंका, डोळे चोळतो’ असे तुम्ही लिहिले आहे. पत्राच्या शेवटी तुमच्या आईला दमा असल्याचाही ओझरता उल्लेख आहे. माझ्या मते ही नऊ आजारपणे एका जातीची नाहीत, आणि त्या सगळ्यांना ‘प्रतिकारशक्ती कमी’ हे एकच नाव दिल्यामुळे घरात उपायांचा गोंधळ झाला आहे.

आधी तापाच्या पाच नोंदी पाहू. या वयाच्या निरोगी मुलाला वर्षातून सहा ते आठ वेळा सर्दी-पडसे होणे हे बालरोगतज्ज्ञ स्वाभाविकच मानतात, आणि शाळेत किंवा पाळणाघरात जाण्याच्या पहिल्या वर्षी हा आकडा दहा-बारापर्यंतही जातो. सर्दी घडवणाऱ्या विषाणूंपैकी एकट्या ऱ्हायनोव्हायरसचेच दीडशेहून अधिक प्रकार आहेत. घरात वाढलेल्या मुलाच्या शरीराने त्यांतले मोजकेच पाहिलेले असतात; वर्गात एकमेकांना खेटून बसणारी वीस-पंचवीस मुले त्याला उरलेल्यांची ओळख करून देतात. प्रत्येक नव्या विषाणूशी गाठ पडली की शरीर त्याची खूण लक्षात ठेवणाऱ्या पेशी तयार करते, आणि ताप हा त्या कामाचाच भाग असतो. तुमच्या मुलाने पाचही वेळा तीन दिवसांत ताप उतरवला, मधल्या दिवसांत तो पोटभर जेवला, हुंदडला आणि त्याचे वजनही वयाला साजेसे आहे. प्रतिकारशक्ती खरोखर दुबळी असलेले मूल असे वागत नाही.

प्रतिकारशक्ती खरोखर कमी असल्याची शंका केव्हा घ्यावी, हे मात्र तुम्हाला आणि हे वाचणाऱ्या इतर पालकांना ठाऊक असावे. वर्षात दोनदा न्यूमोनिया होणे, चार किंवा अधिक वेळा कान फुटणे किंवा कानात जंतुसंसर्ग होणे, दोन-दोन महिने प्रतिजैविके देऊनही गुण न येणे, शिरेतून औषध दिल्याशिवाय संसर्ग न हटणे, खोलवर गळवे पुन्हा पुन्हा होणे, तोंडातला पांढरा बुरशीचा थर न जाणे, वजन आणि उंची न वाढणे, किंवा कुटुंबात असा जन्मजात आजार असणे, यांपैकी काही आढळले तर रक्ताच्या विशेष तपासण्या कराव्या लागतात. तुमच्या वहीत यातले काही नाही. प्रतिजैविके पाच वेळा दिली गेली हे खरे. परंतु ती विषाणूंवर मुळीच चालत नाहीत, आणि तीन दिवसांत आपसूक उतरणारा ताप बहुधा विषाणूंचाच असतो. पुढच्या वेळी डॉक्टरांना “हा संसर्ग जिवाणूंचा आहे असे आपल्याला कशावरून वाटते?” असे अवश्य विचारा. बहुतेक डॉक्टरांना या प्रश्नाचा राग येत नाही. आईला घाई नाही हे कळले की उलट त्यांच्यावरचा औषध लिहून देण्याचा दबावच कमी होतो.

आता ऋतूंविषयी. हवा बदलली की आजार येतो हे तुमचे निरीक्षण चुकीचे नाही, पण हवा बदलते तेव्हा एकाच वेळी पुष्कळ गोष्टी बदलतात. शरीराच्या आतही बदल होतो. केंब्रिजच्या संशोधकांनी २०१५ साली प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात सुमारे तेवीस हजार जनुकांपैकी पाच हजारांहून अधिक जनुकांचे काम ऋतूप्रमाणे कमी-जास्त होताना दिसले. युरोपात दाह निर्माण करणारी यंत्रणा हिवाळ्यात अधिक जागी असते, तर पश्चिम आफ्रिकेतील गांबियात रक्तातील संरक्षक पेशींची संख्या पावसाळ्यात, म्हणजे डास आणि हिवतापाच्या दिवसांत, वाढलेली आढळली. म्हणजे ऋतू पालटला की प्रतिकारशक्ती ‘घटते’ असे सरसकट म्हणता येत नाही. शरीर तिची मांडणी त्या त्या ठिकाणच्या हवेप्रमाणे बदलत असते.

नाकाची गोष्ट यापेक्षा सोपी आहे. नाकाच्या आतल्या अस्तरावर शेंबडाचा पातळ ओला थर असतो आणि त्याखालचे अतिसूक्ष्म रोम सतत हलत राहून त्या थरात अडकलेली धूळ आणि जंतू घशाकडे ढकलत असतात. ते आपण नकळत गिळतो आणि जठरातल्या आम्लात त्यांचा शेवट होतो. डिसेंबरात नाशिकची पहाटेची हवा थंड आणि कोरडी होते (निफाडला तर पारा पाच अंशांच्याही खाली गेल्याचे आपण वाचतोच), तेव्हा हा थर सुकतो आणि रोमांची हालचाल मंदावते. शिवाय नाकाच्या आत तापमान तेहतीस अंशांच्या आसपास असते आणि ऱ्हायनोव्हायरसला तेच मानवते. येल विद्यापीठात उंदरांच्या श्वासमार्गातील पेशींवर झालेल्या प्रयोगांत, शरीराच्या सदतीस अंशांपेक्षा या थंड तापमानाला पेशींचा पहिला प्रतिकार क्षीण पडतो असे दिसले. नाक-तोंड रुमालाने झाकून मुलाला पहाटे व्हॅनमध्ये बसवावे, असे आजी सांगतात, त्यात म्हणूनच तथ्य आहे.

पावसाळ्याचे गणित निराळे आहे. इंग्लंड-अमेरिकेत फ्लू हिवाळ्यात येतो. महाराष्ट्रात मात्र त्याची मोठी लाट बहुधा जुलै ते सप्टेंबर या काळात येते आणि दुसरी, सहसा लहान, जानेवारी ते मार्चमध्ये. २००९ साली स्वाइन फ्लूचा देशातला पहिला मृत्यू पुण्यात झाला, तोही ऑगस्टमध्येच. पाऊस सुरू झाला की खिडक्या बंद होतात, ओले कपडे घरात वाळतात, मुले मैदानाऐवजी वर्गात कोंडली जातात आणि एकाचा श्वास दुसऱ्याच्या नाकात जातो. तुमच्या वहीतल्या जून, जुलै आणि सप्टेंबरच्या नोंदी मला अशाच वाटतात. जूनमध्ये पाऊस येतो तेव्हाच शाळाही उघडते, हे आपण विसरतो आणि सगळा दोष पावसाच्या माथी मारतो.

राहिल्या तापाविनाच्या चार नोंदी, आणि मला त्यांचीच अधिक काळजी वाटते. पत्रावरून निदान करता येत नाही आणि तसे करूही नये. तरीही ताप नसताना रात्री येणारा, आठवडे रेंगाळणारा खोकला, सकाळच्या शिंका, डोळे चोळणे आणि आईकडच्या आजीचा दमा, हे सगळे एकत्र आले की ॲलर्जी किंवा बाळदम्याचा विचार करावाच लागतो. ॲलर्जीत प्रतिकारशक्ती कमी नसते. ती निरुपद्रवी धुळीला शत्रू समजून तिच्यावर तुटून पडत असते. म्हणून ‘प्रतिकारशक्ती वाढवणारे काय द्यावे’ हा प्रश्न मला मुळातच पटत नाही. ती टाकीतल्या पाण्यासारखी वर-खाली करता येत नाही. तिच्यात जितका जोर लागतो तितकाच विवेकही लागतो, आणि कुठल्याही बाटलीतून विवेक पाजता येत नाही.

मुलाच्या पलंगामागची भिंत एकदा बारकाईने पाहा. अशा खोकल्याच्या एका मुलीच्या घरी मी स्वतः गेले होते. उशाशी भिंतीला कानशिलाइतक्या उंचीवर रंगाचे पोपडे सुटले होते आणि पलंग जरा ओढला तर मागे काळसर बुरशीचा हातभर पट्टा होता. मुलगी रोज रात्री त्यापासून वीतभर अंतरावर नाक ठेवून झोपत होती. तिचा पलंग दुसऱ्या भिंतीकडे हलवला, ओल काढली, डॉक्टरांनी श्वासावाटे घ्यायचे औषध सुरू केले आणि तिचा खोकला आटोक्यात आला. पावसाळ्यातल्या दमट गादीत धुळीतले अतिसूक्ष्म किडेही वाढतात. चादरी आणि उशांचे अभ्रे आठवड्याला गरम पाण्यात धुवावेत, गादीला ऊन दाखवावे, झाडण्याऐवजी ओल्या फडक्याने पुसावे, आणि डासांची कॉइल, धूप, उदबत्ती या मुलाच्या खोलीत लावू नये. दिवाळीनंतर थंडीमुळे हवा जमिनीलगत बसते आणि धूर-धूळ वर जात नाही. तुमची नोव्हेंबरची नोंद त्याच दिवसांतली आहे. ही वही घेऊन डॉक्टरांकडे जा आणि “ताप नसलेल्या या चार नोंदींचा स्वतंत्र विचार करा” असे त्यांना स्पष्ट सांगा. दम्याचे निदान झालेच तर इनहेलरला घाबरू नका; पोटात घ्यायच्या औषधापेक्षा फार थोड्या मात्रेत ते नेमक्या जागी पोहोचते.

सासूबाईंच्या काढ्याविषयी तुम्ही जरा त्राग्याने लिहिले आहे. त्यांच्यामागे एक जुने शास्त्र आहे आणि मला त्याचा आदर आहे. आयुर्वेदात एका ऋतूचे शेवटचे सात दिवस आणि पुढच्या ऋतूचे पहिले सात दिवस मिळून ऋतुसंधी मानला आहे, आणि या पंधरवड्यात जुना आहार-विहार हळूहळू सोडून नवा हळूहळू धरावा, एकदम काही बदलू नये, असे सांगितले आहे. शरीराचे बळ हेमंत-शिशिरात उत्तम आणि ग्रीष्म-वर्षेत सर्वांत कमी असते, असेही त्या परंपरेचे निरीक्षण आहे. आधुनिक अभ्यास आणि हे निरीक्षण एकच आहे असा दावा मी करणार नाही, पण ‘हळूहळू’ हा शब्द मला फार मोलाचा वाटतो. ऑक्टोबरमध्ये रात्री जरा गारवा पडला की मुलांना लोकरी स्वेटर आणि कानटोपी चढवली जाते. तपासायला सदरा वर करावा तर पाठ घामाने चिंब असते, आणि त्याच घामावर पंख्याचा वारा लागतो. अशा दिवसांत सुती कपड्यांचे दोन थर पुरतात, कारण ऊन चढले की एक काढून ठेवता येतो.

मात्र रोजच्या काढ्यात सुंठ, मिरी आणि दालचिनी साडेचार वर्षांच्या पोटाला तिखट होते आणि त्याने छातीत-पोटात जळजळ होऊ शकते. गुळवेलीबद्दल मी अधिक सावध आहे. २०२१ साली मुंबईतील डॉक्टरांनी गुळवेल घेणाऱ्या काही रुग्णांच्या यकृताला इजा झाल्याचे नोंदवले. आयुष मंत्रालयाने त्यावर आक्षेप घेतला आणि तिच्यासारखी दिसणारी दुसरी वनस्पती वापरली गेली असावी असे म्हटले. ओळखण्यातच अशी चूक होऊ शकत असेल तर लहान मुलाला रोज महिनोन्‌महिने ती देऊ नये, असे माझे स्पष्ट मत आहे. सासूबाईंना काढा बंद करायला सांगण्याऐवजी सर्दीच्या दिवसांत गवती चहा आणि आल्याचा छोटा तुकडा घालून पातळ, कोमट पेय करून द्यायला सांगा. तुमच्यातला कडवटपणा टळेल आणि त्यांच्या मायेलाही जागा राहील. खोकल्याला झोपताना चमचाभर मध चालेल, कारण मूल एक वर्षाच्या पुढचे आहे. वर्षाच्या आतल्या बाळाला मात्र मध कधीही देऊ नये. उकळत्या पाण्याच्या पातेल्यावर मुलाला वाफारा देऊ नका. त्यातून भाजलेली मुले मी पाहिली आहेत. खोकल्याची सिरपेही आपल्या मनाने देऊ नका. पाच वर्षांखालील मुलांना ती सामान्यतः देऊ नयेत, असे भारत सरकारच्या आरोग्यसेवा महासंचालनालयाने ऑक्टोबर २०२५ मध्ये कळवले आहे.

दही, केळे आणि पेरू परत सुरू करा. फ्रीजमधले थंडगार दही नको, घरी विरजलेले ताजे दही दुपारी द्या. सर्दी विषाणूंनी होते, केळ्याने होत नाही, आणि पेरूत तर क जीवनसत्त्व संत्र्याहूनही जास्त असते. यजमानांनी आणलेल्या सिरपाचे आणि गोळ्यांचे पैसे डाळ, अंडी, शेंगदाणे, पालेभाज्या आणि ऋतूतल्या फळांवर खर्च झाले तर अधिक बरे. नियमित क जीवनसत्त्वाच्या गोळ्यांनी सर्दी टळत नाही. ड जीवनसत्त्वाचा किंवा लोहाचा अभाव असेल तर तो तपासून, डॉक्टरांनी ठरवलेल्या मात्रेत भरून काढावा.

झोपेचा उल्लेख तुम्ही जाता जाता केला आहे, पण मी तिथेच थबकले. अकरा ते साडेसहा म्हणजे साडेसात तास. या वयाला दुपारची झोप धरून दहा ते तेरा तास लागतात. मोठ्या माणसांच्या नाकात मुद्दाम सर्दीचे विषाणू सोडून केलेल्या एका अभ्यासात, सहा तासांहून कमी झोपणाऱ्यांना सर्दी होण्याचे प्रमाण पुरेशी झोप घेणाऱ्यांच्या कितीतरी पट आढळले होते. बाबांची वाट पाहणे हा त्या मुलाचा दिवसातला आनंदाचा भाग असेल, हे मी समजू शकते. म्हणून तो काढून घेऊ नका. यजमानांनी सकाळची वेळ त्याला द्यावी, व्हॅनपर्यंत त्यांनीच पोहोचवावे, आणि रात्री नऊपर्यंत त्याला झोपवावे. या घरातल्या सगळ्या उपायांत हा मला पहिला वाटतो.

शाळा बंद करू नका. लवकर पाळणाघरात जाणाऱ्या मुलांना सुरुवातीला सर्दी जास्त होते आणि पुढे शाळेच्या वयात ती कमी होते, असे दीर्घकाळ चाललेल्या पाहणीत दिसले आहे. वर्षभर घरी ठेवून ही शिकवणी पुढे ढकलता येते, टाळता येत नाही. ताप असेल त्या दिवशी आणि तो उतरल्यानंतरचे चोवीस तास मात्र घरी ठेवा, म्हणजे इतरांची मुलेही वाचतील. शाळेतून आल्यावर, जेवणाआधी आणि नाक शिंकरल्यावर साबणाने वीस सेकंद हात धुण्याची सवय लावा.

आता मार्च लागला आहे, म्हणून एक गोष्ट वेळेवर करता येईल. फ्लूची लस पावसाळ्याआधी, एप्रिल-मेमध्ये, घ्यावी. विषाणू रूप बदलत असल्याने ती दरवर्षी घ्यावी लागते आणि नऊ वर्षांखालील मुलाला पहिल्या वर्षी चार आठवड्यांच्या अंतराने दोन मात्रा लागतात. सरकारी मोफत वेळापत्रकात ती नाही, विकत घ्यावी लागते, हे खरे. पैशांची ओढाताण असेल तर आधी सासऱ्यांना द्या. मधुमेह असलेल्या वृद्धाला फ्लू मुलापेक्षा फार जड जाऊ शकतो, आणि त्यांच्यासाठी न्यूमोनियाच्या लसीबद्दलही डॉक्टरांना विचारा. मूल आजारी असताना त्यांनी नातवाला मांडीवर घेऊ नये असे सांगणे कठीण आहे. निदान मास्क लावावा आणि ताट-पेला वेगळा ठेवावा.

पावसाळ्यातला ताप तीन दिवसांपुढे गेला, किंवा अंगावर पुरळ, पोटात दुखणे, सतत उलट्या, सुस्ती, हातपाय गार पडणे, कुठूनही रक्त येणे असे काही दिसले, तर मात्र वाट पाहू नका. डेंग्यूत ताप उतरतानाच धोका वाढतो, म्हणून ‘ताप गेला, आता बरा’ असे म्हणून निर्धास्त होऊ नये. तापाला वजनाप्रमाणे पॅरासिटामॉलच द्यावे. अॅस्पिरिन किंवा आयबुप्रोफेन आपल्या मनाने देऊ नये. आणि आठवड्यातून एक दिवस कूलर, फ्रीजमागचा ट्रे, कुंड्यांखालच्या बशा रिकाम्या करून घासून घ्या. नुसते पाणी ओतून दिले तर डासांची अंडी कडेला चिकटून राहतात.

वही चालू ठेवा, ताई. फक्त आजपासून तिच्यात आणखी दोन रकाने आखा: खोकला दिवसा होता की रात्री, आणि त्या आठवड्यात मूल किती तास झोपले. जूनमध्ये शाळा उघडेल तेव्हा ते पान मला पुन्हा पाठवा.